सगळे मर्ज करा

लग्नाच्या चौथ्या दिवशी निनादभावजी म्हणाले,
वहिनी, तुमचाही फोन आपल्या अकाउंटला जोडून टाकू,
घरात एकच आहे, सगळ्यांना पुरतं.
पासवर्ड सोपा: घोडपदेव, खोलीचा नंबर, टॉमी.
टॉमी जाऊन सात वर्षं झाली म्हणे.
पासवर्डात भुंकतो अजून.

मी फोन दिला,
जसे नव्या घरात ओले कपडे देतात वाळत घालायला,
आपली दोरी कुठली, हे न विचारता.

पंधरा जीबीत पाच माणसं.
दहा बाय बाराच्या खोलीतल्यांना
यात नवल ते काय.
सासऱ्यांची गुलाबाची सुप्रभातं,
भूषणच्या साइटवरच्या सळया,
भावजींचा एकच चेहरा सव्वाशे वेळा,
आणि मधेच अंग चोरून बसलेला
उमरग्याच्या आमच्या घराचा ओटा.

माझ्या फोनमध्ये आले
दामू गॅस, भिशी शकुंतला, पाटील सिस्टर वॉर्ड नऊ,
उचलू नये, उचलू नये दोन.
त्यांच्या फोनमध्ये गेली येडी रेश्मा.
सासऱ्यांनी जेवताना विचारलं,
ही येडी कोण?
मी पाणी वाढलं.

मग फोन म्हणाला, जागा संपत आली.
मुंबईत हे ऐकून कोण दचकतं?
पण रविवारी भावजी साफसफाईला बसले.
ओटा दोनदा गेला.
दोनदा मी तो कचऱ्यातून उचलून आणला,
पुसून पुन्हा त्याच जागी ठेवला.
त्याच बैठकीत त्यांनी आणखी एक बटण दाबलं:
एकाच नावाचे दोन दिसताहेत.
सगळे मर्ज करा.

एकाच नावाच्या दोघी होत्या.
आई.

मला काही कळलं नव्हतं.
रात्री गॅलरीच्या टोकाला, पाइपाच्या आडोशाला उभं राहून
मी आईला फोन लावला
आणि तिचा आवाज येण्याआधीच सुरू झाले:
आई, मला करमत नाही गं इथं.
रोज भात. भाकरीला हात लागून महिना झाला.
आणि नावानं कुणी हाक मारत नाही,
नुसतं अगं ऐक, अगं इकडे ये.

पलीकडून हं आलं.
मग, अजून?

अजूनही सांगितलं मी. सगळंच.
तेवढ्यात ट्रॉलीची चाकं खडखडली,
कुणीतरी ओरडलं, मालनबाई, नऊमध्ये बेडपॅन!

उमरग्यात आमच्याकडे ट्रॉली नाही.

हातातला फोन जड झाला.
भायखळ्याच्या इस्पितळात रात्रपाळीची आया असलेली
माझी सासू म्हणाली,
जेवलीस का?
आणि उत्तर न ऐकता ठेवला.

सकाळी आठला आली, पायांत तेच सुजलेले चप्पल,
पिशवीत दोन किलो ज्वारीचं पीठ.
जन्म गेला तांदळाची भाकरी करण्यात,
ज्वारी तिच्या हाताला ऐकेना.
थापली, चिरली. थापली, चिरली.
नकाशासारखी एक तव्यावर टाकून म्हणाली,
सुलक्षणा, ताट घे.

फोनचं नाव कुणीच काढलं नाही.

दुपारी मी दोघींना वेगळं करायला बसले.
वेगळे करायचे? फोनने विचारलं.
ती केस विंचरत होती, मान न वळवता म्हणाली,
राहू दे. नंबर लागतो मला.

आता आईला लावायचं म्हटलं की फोन थांबतो,
कुठला नंबर, विचारतो.
मीही थांबते जरा.

परवा गुरुवारी अंगात ताप होता.
घरात कुणी नव्हतं.
पहिला लावला. व्यस्त.
दुसरा लावला. तोही व्यस्त.
दहा मिनिटांनी पुन्हा पहिला, पुन्हा दुसरा.
दोन्ही आया एंगेज.

फोन पोटावर ठेवून पडून राहिले.
एवढं काय बोलत असतील?
भाकरी कडेला का चिरते, तेच बहुतेक.
पीठ जुनं असलं की चिरते.